कुलगुरूंना अडलेला प्रश्न

मुलांनो, आज तुम्हाला एक प्रश्न घालते. त्यात पाढे नाहीत, सनावळ्या नाहीत, व्याकरण तर मुळीच नाही. प्रश्न एवढाच : तुझ्यात काय कमी आहे?

सोपा वाटला ना? पण एका फार हुशार माणसाला हाच प्रश्न भलताच महागात पडला, बरं का! आणि हा माणूस साधासुधा नव्हता. एका मोठ्या विद्यापीठाचा प्रमुख होता.

त्यांचं नाव जॉन सिल्बर. अमेरिकेतल्या टेक्सास राज्यात सॅन अँटोनिओ शहरात त्यांचा जन्म झाला. तारीख तुमच्या सहज लक्षात राहील : १५ ऑगस्ट १९२६! वडील इमारतींचे आराखडे काढायचे, आई शिक्षिका होती. जॉनचा उजवा हात जन्मापासूनच अपुरा होता, त्याला धड पंजाच नव्हता. पण म्हणून काही हा मुलगा मागे राहिला नाही. तो खूप शिकला. येल या नामांकित विद्यापीठातून त्याने तत्त्वज्ञानाची पीएच.डी. मिळवली आणि पुढे टेक्सास विद्यापीठात प्राध्यापक झाला.

सिल्बर यांचा स्वभाव म्हणजे एक घाव दोन तुकडे! पटलं नाही की तोंडावर बोलायचे, समोर कोणी का असेना. विद्यापीठाच्या वरिष्ठांशीही त्यांचं बिनसलं आणि १९७० साली त्यांचं प्रमुखपद गेलं. पण पुढच्याच वर्षी बोस्टन विद्यापीठाने त्यांना आपला अध्यक्ष केलं. आपल्याकडचे कुलगुरू, तसे तिकडचे अध्यक्ष. या पदावर ते थेट १९९६ पर्यंत, म्हणजे पंचवीस वर्षं राहिले.

तेव्हा या विद्यापीठात पैशांची ओढाताण होती. सिल्बर यांनी ती घडी बसवली. एली वीझेल, डेरेक वॉलकॉट, सॉल बेलो असे नोबेलच्या तोडीचे लेखक तिथे शिकवू लागले. पण अध्यक्षांच्या हट्टी कारभाराला वैतागून १९७९ साली प्राध्यापकांनी चक्क संपही केला!

बोस्टनला लागूनच चेल्सी नावाचं छोटं, गरीब गाव आहे. तिथल्या कितीतरी मुलांच्या घरी इंग्रजी बोलतच नसत. शाळांची अवस्थाही बिकट होती. १९८९ साली सिल्बर यांच्या विद्यापीठाने या गावातल्या सगळ्या सरकारी शाळा चालवायला घेतल्या. मोठ्या विद्यापीठाने बालवाडीपासून लक्ष घालायचं, ही गोष्ट तेव्हा अगदी नवी होती. ही जबाबदारी विद्यापीठाने २००८ पर्यंत निभावली.

आता राजकारणाकडे येऊ. बोस्टन ही मॅसॅच्युसेट्स राज्याची राजधानी. अमेरिकेत राज्याच्या प्रमुखाला गव्हर्नर म्हणतात. आपले राज्यपाल राष्ट्रपती नेमतात, तिकडचा गव्हर्नर मात्र लोक मतं देऊन निवडतात. त्याचं काम आपल्या मुख्यमंत्र्यांसारखं असतं. १९९० साली सिल्बर डेमोक्रॅटिक पक्षातर्फे या निवडणुकीला उभे राहिले. समोर होते रिपब्लिकन पक्षाचे विल्यम वेल्ड.

मतदानाला थोडेच दिवस उरले होते. दूरदर्शनच्या एका बातमीदार बाई मुलाखत घ्यायला सिल्बर यांच्या घरी आल्या. त्यांनी विचारलं, तुमचे गुण कोणते आणि उणिवा कोणत्या? झालं! सिल्बर एकदम उखडले. माझ्या उणिवा तुम्ही शोधा, मी कशाला सांगत बसू, अशा अर्थाचं काहीतरी फटकन बोलून गेले. घराघरांत लोकांनी ते पाहिलं. कित्येकांच्या मनात आलं, हा माणूस आमचं ऐकून घेईल का?

निकाल लागला. सुमारे तेवीस लाख मतांत सिल्बर साधारण पाऊण लाखाने हरले. ते काही या एकाच उत्तरामुळे हरले नाहीत. आधीही त्यांच्या फटकळ बोलण्याने बरेच जण दुखावले होते. पण त्या उत्तराने घाव जिव्हारी बसला, असं पुष्कळ जाणकार मानतात.

पुढची गंमत ऐका. ज्या वेल्ड यांनी हरवलं, त्यांनीच १९९६ मध्ये सिल्बर यांना राज्याच्या शिक्षण मंडळाचं अध्यक्ष केलं! विरोधकाचा गुण ओळखायलाही मोठं मन लागतं, नाही का? त्यांच्याच काळात, १९९८ मध्ये, नव्याने शिक्षक होऊ पाहणाऱ्यांची परीक्षा सुरू झाली. पहिल्याच खेपेला निम्म्याहून जास्त उमेदवार नापास! २०१२ साली सिल्बर वारले.

या माणसाकडे धैर्य होतं, विद्वत्ता होती, गरीब मुलांविषयी तळमळही होती. दुसऱ्यांच्या चुका तर ते चटकन दाखवत. फक्त स्वतःची उणीव सांगायची वेळ आली आणि गाडी अडली.

म्हणून आज एक करा. वहीच्या पानावर मधोमध रेघ मारा. डावीकडे लिहा, 'मला काय छान जमतं'. उजवीकडे लिहा, 'मला काय सुधारायचंय'. दोन्ही बाजू भरायच्या हं, एकही कोरी नको! आणि पालकहो, एक पान तुम्हीही घ्या. तुमची उजवी बाजू भरलेली दिसली, की मुलांना त्यांची भरायला भीती वाटणार नाही.