ऐकलेली भीती

शनिवारवाड्यातलं भूत दिसतं कसं, हे शनिवार पेठेत कुणालाही विचारून पाहा. उंच की ठेंगणं, पाय उलटे की सुलटे, पांढऱ्या कपड्यांतलं की रक्तानं माखलेलं, काहीच ठरलेलं नाही. ठरलेली आहे ती फक्त हाक. 30 ऑगस्ट 1773 रोजी गारद्यांनी नारायणराव पेशव्यांना वाड्यातच गाठलं. जेमतेम अठरा वर्षांचा तो पोर 'काका, मला वाचवा' असं ओरडत राघोबादादांकडे धावला, अशी कथा आहे. पुढे 1828 च्या आगीत वाड्याचे मजले जळून गेले. ज्या दालनांतून तो धावला ती उरली नाहीत, काकांची खोलीही उरली नाही. उरली ती जोती, तटबंदी आणि दिल्ली दरवाजा. हाक मात्र रात्री अजून ऐकू येते म्हणतात. अडीचशे वर्षं एका अख्ख्या पेठेला धाकात ठेवणाऱ्या या भुताला शरीरच नाही!

भयपटाचा अभ्यास कुठून सुरू करावा, असं मला कुणी विचारलं तर मी या हाकेपासून म्हणेन. डोळ्यांना जे दिसतं त्याला कड असते, ते कुठे तरी संपतं. कानांवर पडलेलं ऐकणाऱ्याच्या डोक्यात वाढत राहतं. आणि एकदा ऐकलेली अशीच एक गोष्ट पडद्यावर आणण्यासाठी एका मराठी दिग्दर्शकानं आयुष्याची पंचवीस वर्षं दिली, हे कळल्यापासून माझं कुतूहल काही शमलेलं नाही.

राही अनिल बर्वे हे ते दिग्दर्शक. 1993 साली, म्हणजे शाळकरी वयात, ते नागझिऱ्याच्या अभयारण्यात गेले होते. तिथे एका मित्रानं त्यांना नारायण धारपांची एक भयकथा सांगितली. रानातली रात्र, आजूबाजूला अंधार आणि सांगणारा रंगात आलेला. ती भीती त्यांच्या मनातून गेली नाही. 1997 मध्ये, वयाच्या अठराव्या वर्षी, त्यांनी तिच्यावरून पटकथेचा पहिला खर्डा लिहिला. तोच पुढे 'तुंबाड' झाला. म्हणून 'तुंबाड' हे धारपांच्या कथेचं रूपांतर आहे असं म्हणणं मला अपुरं वाटतं. कथेपेक्षा, ती ऐकताना बसलेल्या धसक्याचं ते रूपांतर आहे.

धारपांबद्दल मराठी वाचकाला वेगळं सांगायला नको. 1925 ते 2008 हा त्यांचा काळ. सर्क्युलेटिंग लायब्ररीतून त्यांची पुस्तकं घरी यायची ती कोपरे दुमडलेली, पानं सुटायला आलेली आणि पुढच्या वाचकानं आधीच नंबर लावून ठेवलेली. दिव्याखाली, पांघरुणात, परत करायच्या तारखेच्या आदल्या रात्री ती वाचली जायची. रत्नाकर मतकरींची गूढकथा माणसाच्या मनाच्या अंधाऱ्या कोपऱ्यात शिरायची. धारपांचं भय बाहेरून यायचं, फार लांबून, कुठल्यातरी दुसऱ्याच मितीतून. आणि ते खरोखर किती लांबून आलं होतं हे पाहिलं की थक्क व्हायला होतं.

नागझिऱ्यात सांगितली गेलेली ती धारपांची कथा म्हणजे 'आजी'. तिच्या मागे अमेरिकन लेखक स्टीफन किंग यांची 1984 मधली 'ग्रॅमा' ही कथा आहे. मेन राज्यातलं एक आडबाजूचं घर, घरात एकटा मुलगा आणि आतल्या खोलीत मरणपंथाला लागलेली अवाढव्य आजी. या आजीला जुनी, नको ती विद्या येते आणि त्या विद्येत एक नाव आहे: हास्टर. हे नाव किंगचं नव्हे. एच. पी. लव्हक्राफ्ट यांनी 1931 च्या एका कथेत भयंकर नावांच्या यादीत ते ओझरतं टाकलं होतं. त्यांच्या आधी रॉबर्ट चेंबर्स यांनी 1895 मध्ये 'द किंग इन यलो'मध्ये ते वापरलं होतं. तिथे ते कधी माणसाचं वाटतं, कधी जागेचं. आणि चेंबर्सच्याही आधी, एकोणिसाव्या शतकाच्या शेवटच्या दशकात, ॲम्ब्रोज बिअर्स यांच्या एका छोट्या कथेत हास्टर येतो तो चक्क धनगरांचा देव म्हणून. गरीब मेंढपाळ रोज सकाळी उठून त्याची प्रार्थना करतो. कुणाला न छळणारा, साधा, कुरणातला देव!

आता 'तुंबाड' आठवा. साखळदंडानं बांधलेली ती म्हातारी ज्या नावानं गप्प होऊन झोपी जाते, ते नाव हस्तर. एका अमेरिकन लेखकाच्या मेंढपाळाचा देव शंभरेक वर्षं हातोहात फिरत कोकणातल्या वाड्याच्या पोटात येऊन बसला, आणि कमरेला सोन्याच्या मोहरांनी भरलेली लंगोटी लावून बसला. वाटेत प्रत्येकानं त्याला आपल्या मातीचं काहीतरी दिलं. बर्वे आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी दिलं ते मला सगळ्यांत थोर वाटतं: त्यांनी हस्तरला भूक दिली.

चित्रपटातली दंतकथा अशी. पूर्तीची देवी ही सगळ्या देवांची आई. तिच्याकडे अपार सोनं आणि अपार धान्य. हस्तर हा तिचा पहिला, सर्वांत लाडका मुलगा. त्यानं सगळं सोनं लाटलं आणि मग धान्याला हात घातला. तेव्हा बाकीचे देव त्याच्यावर तुटून पडले. आईनं त्याला वाचवलं, आपल्या गर्भात परत घेतलं, पण अट अशी की त्याला पुन्हा कुणी पुजायचं नाही. तेव्हापासून तो तिथे आहे, सोन्याच्या राशीसकट, उपाशी. हे कुठल्याही पुराणात नाही, सगळं रचलेलं आहे. तरी चित्रपट पाहून आलेली माणसं ही कथा आजोळी ऐकल्यासारखी सांगतात.

या भुकेतूनच चित्रपटातला तो प्रसंग येतो, ज्याच्यासाठी मी 'तुंबाड' पुन्हापुन्हा पाहते. चित्रपटाचा नायक विनायक मोहरांसाठी विहिरीतून दोरानं खाली उतरतो. खाली दगडमाती नाही, लालभडक, ओलसर, धपापणाऱ्या भिंती आहेत. तो देवीचा गर्भच. विनायक आधी पिठानं स्वतःभोवती रिंगण आखतो. मग कणकेची बाहुली बाहेर काढतो. पिठाचा वास लागताच वरून हस्तर झेपावतो आणि बाहुलीवर तुटून पडतो. तो खाण्यात गुंतलेला असेपर्यंत त्याच्या लंगोटीला हिसका द्यायचा, मोहरा खळाखळा पडल्या की गोळा करायच्या आणि बाहुली संपायच्या आत दोर गाठायचा. हे सगळं काही क्षणांत.

इथे भय तयार कसं होतं ते पाहण्यासारखं आहे. दचकणं आणि भ्यायला होणं या शरीराच्या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. मागून भांडं पडलं की पापणी मिटते, मान आखडते, आणि ते विचार सुरू व्हायच्या आतच होऊन जातं. त्याला शिकावं लागत नाही, तान्ह्या बाळालाही ते जमतं. सिनेमानं ही क्लृप्ती फार लवकर पकडली. 1942 च्या 'कॅट पीपल'मध्ये एक बाई रात्री एकटी चालली आहे. मागे पावलांचा आवाज येतो, मग तो थांबतो. शांतता ताणत ताणत नेतात, आणि अचानक फिस्स करून पडद्यावर घुसते ती एक साधी बस! दिग्दर्शक जॅक टर्नर, संकलक मार्क रॉबसन, निर्माते व्हॅल ल्यूटन. पैसे कमी होते म्हणून त्यांनी जनावर दाखवण्याऐवजी सावल्या दाखवल्या, आणि त्या युक्तीला सिनेमावाले आजही 'ल्यूटन बस' म्हणतात. पण दचकणं ओसरतं आणि प्रेक्षक हसतोसुद्धा.

भ्यायला मात्र माहिती लागते. काय होणार आहे, किती वेळ उरला आहे, कोणती चूक जिवावर बेतेल, हे प्रेक्षकाला ठाऊक असावं लागतं. 'तुंबाड' हे नियम आधी स्पष्ट सांगून टाकतो: रिंगणाबाहेर पाय टाकायचा नाही, बाहुली संपायच्या आत निघायचं, हस्तरचा चावा बसला तर मरणही येणार नाही. शेवटचा नियम तर त्या आजीच्या रूपानं डोळ्यांसमोर साखळीला बांधून ठेवलेला असतो. मग प्रेक्षक स्वतःच बाहुलीचे लचके मोजू लागतो, आणि मोजणारा माणूस अलिप्त राहूच शकत नाही. हाव विनायकची असते, पण त्या घटकेला 'अजून एक मोहर घे' असं आपल्यालाही वाटून जातं. इतकं बारीक काम हिंदी भयपटात मी दुसरीकडे पाहिलेलं नाही.

हिंदी भयपटाला वेगळ्या शिकवणीची परंपरा होती, आणि तीही प्रेमानं आठवण्यासारखी आहे. रामसे बंधूंचा 1970 चा 'एक नन्ही मुन्नी लडकी थी' पडला, पण मुखवटा घातलेल्या पृथ्वीराज कपूरचा चोरीचा प्रसंग लोक परत परत पाहायला येत होते. वडिलांनी ते हेरलं, सगळ्या मुलांना काश्मीरला हाउसबोटीवर नेलं आणि जोसेफ मॅसेली यांचं छायाचित्रणावरचं पुस्तक हाती देऊन सिनेमा शिकायला बसवलं. मग महाबळेश्वरला मुक्काम ठोकून मोजक्या पैशांत 'दो गज जमीन के नीचे' उभा केला, 1972 साली. घरच्या घरी प्रकाशयोजना, घरच्या घरी आवाज. स्वतंत्र सिनेमा म्हणजे याहून वेगळं काय असतं?

बर्वे यांची वाट याहून एकाकी. शाहीर अमर शेख यांचे ते नातू आणि 'थँक यू मिस्टर ग्लाड', 'हमीदाबाईची कोठी' लिहिणाऱ्या अनिल बर्वे यांचे चिरंजीव. अनिल बर्वे यांचं आणखी एक नाटक इथे आठवावंच लागतं: 'अकरा कोटी गॅलन पाणी'. 27 डिसेंबर 1975 रोजी धनबादजवळच्या चासनाला खाणीत पाणी घुसलं आणि 375 कामगार जमिनीखाली गेले, त्यावरचं. वडिलांनी जमिनीच्या पोटात अडकलेली माणसं लिहिली, मुलानं जमिनीच्या पोटात अडकलेला देव. दोन्हीकडे खाली उतरायला लावते ती वरच्यांची हाव. हा दुवा मी जोडते आहे, बर्वे यांनी तो जोडल्याचं माझ्या वाचनात नाही. पण मला तो दिसतो.

2008 मध्ये त्यांनी 'मांजा' हा लघुपट केला, मुंबईच्या रस्त्यावर वाढणाऱ्या बहीणभावाचा. डॅनी बॉइल यांना तो इतका भावला की 'स्लमडॉग मिलियनेर'च्या ब्लू-रेवर त्यांनी तो सोबत दिला. तरी 'तुंबाड'ला निर्माता टिकेना. एकामागून एक आले आणि गेले. मधल्या काळात बर्वे यांनी सातशे पानांचा स्टोरीबोर्ड काढला. एकेक चौकट हातानं. ज्याला सिनेमा करायला कुणी पैसे देत नाही, त्यानं तो कागदावर करून ठेवला!

अखेर सोहम शाह निर्माता आणि नायक म्हणून उभे राहिले आणि 2012 मध्ये चित्रीकरण झालं. संकलन करून पाहिलं तर मनातलं काही उतरलेलं नव्हतं. पुन्हा लेखन झालं, पुन्हा चित्रीकरण. या टप्प्यावर आनंद गांधी आणि आदेश प्रसाद यांचा हात मोठा आहे. चित्रीकरण संपलं ते 2015 मध्ये. देवांचा कोप म्हणून त्या गावात पाऊस थांबत नाही असं कथेत असल्यामुळे खऱ्या पावसाळ्यांची वाट पाहायची होती. एक पावसाळा हुकला की वर्ष गेलं. सासवडचा पुरंदऱ्यांचा वाडा पडद्यावर तुंबाडचा वाडा झाला. पंकज कुमार यांच्या कॅमेऱ्यानं त्या ढगाळ, करड्या उजेडात शेवाळ, चिखल आणि कुजकं लाकूड असं टिपलं आहे की पाहताना अंगाला दमटपणा जाणवतो. नाव श्री. ना. पेंडश्यांच्या 'तुंबाडचे खोत'वरून घेतलेलं. कथा मात्र 1918, 1933 आणि 1947 अशा तीन टप्प्यांत तुंबाड आणि पुण्यात ये-जा करते. मोहरा तुंबाडात मिळतात, उधळल्या जातात त्या पुण्यात.

2018 मध्ये व्हेनिसच्या महोत्सवात 'क्रिटिक्स वीक' या विभागाची सुरुवात 'तुंबाड'नं झाली. 12 ऑक्टोबरला तो इथे लागला. कौतुक झालं, छायाचित्रण, कलादिग्दर्शन आणि ध्वनिरचनेची फिल्मफेअर मिळाली, गर्दी मात्र बेताचीच. मग सहा वर्षं हा चित्रपट तोंडोतोंडी फिरला. 'पाहिलास का?' असं एकानं दुसऱ्याला विचारत, त्यातली म्हातारी, ती लंगोटी, ते पीठ एकमेकांना सांगत. 13 सप्टेंबर 2024 ला तो पुन्हा लागला आणि पहिल्या वेळेपेक्षा जास्त कमाई करून गेला. नागझिऱ्यात एका मुलानं दुसऱ्याला जे केलं होतं, तेच आता हजारो लोकांनी एकमेकांना केलं.

एक गोष्ट राहिली. किंगच्या कथेत शेवटी म्हातारी मरते खरी, पण ती त्या मुलाच्या अंगात शिरलेली असते. 'तुंबाड'मध्ये विनायकचा मुलगा पांडुरंग झालाय तो मोहम्मद समद, त्या वेळी अगदी पोरसवदा. आणि रंगभूषेच्या थरांखाली त्या शापित आजीचं कामही याच मुलानं केलं आहे. मुलाच्या आत आजी होती ती मेनमध्ये, आजीच्या आत मुलगा निघाला तो तुंबाडात. हे ठरवून केलं की ओघात झालं, काही असो, मला त्याचं नवल वाटायचं थांबत नाही. पुढे त्याच समदला घेऊन बर्वे यांनी 'मयसभा' केला. जावेद जाफरी बाप, समद मुलगा, मोडकळीला आलेलं एक थिएटर, आणि त्यात कुठेतरी दडवलेलं सोनं.