शून्यही लिहायचं असतं

तिथीला तिनाने गुणायचं, चाराने भागायचं. उत्तर येईल ती पूर्ण भरतीची वेळ. अलिबाग-मुरुडकडे दर्यावर जाणाऱ्या घरांत हा हिशोब पोरांनाही तोंडपाठ असतो. द्वितीयेला दीडला भरती, म्हणजे सकाळी साडेसातच्या आसपास ओहोटी. खडकावर मोजणी करायची तर पौर्णिमा-अमावास्येनंतरची द्वितीया-तृतीया सगळ्यांत सोयीची. उधाणाचे दिवस असल्यामुळे पाणी लांबवर हटतं आणि अंधारात चाचपडावंही लागत नाही. भांगाच्या, म्हणजे पाणी थोडंच हटतं त्या दिवसांत आलात तर खडकाचा खालचा, खरा श्रीमंत पट्टा पाण्याखालीच राहतो.

अलिबागचा कुलाबा किल्ला ओहोटीला चालत जाण्याजोगा आहे, आणि सुट्टीच्या दिवशी पर्यटकांचे टांगे त्याच्या दिशेने पाणी उडवत निघतात. त्याच वेळी किल्ल्याजवळच्या खडकांवर पाच-सहा माणसं ओणवी होऊन काहीतरी शोधताना दिसली, तर त्यांचं काही हरवलंय असंच येणाऱ्या-जाणाऱ्याला वाटतं. हातात दोरी, पाइपची चौकट, प्लास्टिकच्या पिशवीत घातलेली वही. कॉलेजची मुलं, एक शिक्षक, कोळीवाड्यातल्या दोघी आणि मी. काम सांगायला सोपं आहे: पाठीचा कणा नसलेले जीव मोजायचे. गोगलगायी, खेकडे, कालवं, समुद्रफुलं, स्पंज. मासे नाहीत, पक्षी नाहीत.

चौकट पीव्हीसी पाइपची, अर्धा मीटर लांब आणि तितकीच रुंद. तिच्यात दहा-दहा सेंटिमीटरवर नायलॉनची दोरी बांधून पंचवीस घरं केलेली, म्हणजे एक घर चार टक्क्यांचं. खडकाला चिकटून बसलेल्यांची टक्केवारी काढायची आणि हलणाऱ्यांची डोकी मोजायची. वरच्या कोरड्या खडकापासून पाण्याच्या कडेपर्यंत दोरी ताणायची आणि ठरलेल्या अंतरांवर चौकट ठेवायची. मधे एखादं सुंदर डबकं दिसलं म्हणून चौकट तिकडे सरकवायची नाही. नव्या माणसाला हाच नियम सगळ्यांत जड जातो.

पुढच्या वेळी नेमकी तीच जागा कशी सापडायची? किल्ला संरक्षित स्मारक, तिथे रंगाच्या खुणा करायच्या नाहीत. जीपीएस आहे, पण मोबाईलचं जीपीएस दोन-चार मीटर इकडेतिकडे सांगतं, आणि खडकावर दोन मीटरवर दुनिया बदलते. कोळीवाड्यातल्या एकीने मार्ग काढला. होडीवाले समुद्रात जाळ्याची जागा शोधतात तसंच इथे करायचं: बुरुजाची कड आणि किनाऱ्यावरचं ठरलेलं झाड एका रेषेत घ्यायचं, दुसऱ्या बाजूलाही अशाच दोन खुणा धरायच्या, आणि रेषा जिथे छेदतील तिथे उभं राहायचं. वहीच्या पहिल्या पानावर आता तेच लिहिलेलं आहे.

वरून खाली उतरताना खडक पट्ट्यापट्ट्याने बदलत जातो. अगदी वर, जिथे लाटेचा तुषारच तेवढा पोचतो, तिथे डाळीएवढ्या गोगलगायी फटीत दाटीवाटीने बसतात. त्याखाली बार्नॅकल, होडीच्या तळाला चिकटतात तेच. मग कालवांचा धारदार थर. चप्पल घालून येणाऱ्याला तो एकदाच धडा शिकवतो. आणखी खाली ओलसर भागात झोअँथिडचा मऊ, बटबटीत गालिचा. झोअँथिड समुद्रफुलांच्या आणि प्रवाळांच्या नात्यातले, ओहोटीला तोंड मिटून बसणारे. त्यांना हात लावायचा नाही, काही जातींच्या अंगात जहाल विष असतं. किल्ल्याच्या तटाचे दगड चुन्याशिवाय एकावर एक रचलेले आहेत. लाटेचं पाणी त्या सांध्यांत शिरून निथळून जातं. सतराव्या शतकातल्या गवंड्यांनी ते तटासाठी केलं, पण अशा ओल्या, सावलीच्या सांध्यांइतकी चांगली जागा खेकड्यांना आणि गोगलगायींना क्वचितच मिळते.

एक चौकट जवळून पाहू. कालवांच्या पट्ट्याची खालची कड. पंचवीसपैकी निम्म्याहून जास्त घरं कालवांनी व्यापलेली, त्यांतली बरीच मेलेली, नुसती खालची शिंपली उरलेली. जिवंत आणि मेलेली वेगळी लिहायची. चार घरांत उघडा खडक. एका कोपऱ्यात बोटभर पाणी साचलेलं आणि त्यात काळ्या पट्ट्यांचे शंख. मुलगी मोजत गेली, आणि तिच्या मोजण्यातून दोन शंख चक्क चालत निघाले. त्या गोगलगायी नव्हत्या, मेलेल्या गोगलगायीच्या शंखात बिऱ्हाड केलेले खेकडे होते. म्हणून शंख मोजायचे तर प्रत्येक उलटून तोंड बघायचं: आत झाकण असेल तर गोगलगाय, नांगी दिसली तर खेकडा. असं केलं नाही तर मेलेल्यांची गणती जिवंतांत होते. सुटा दगड उचललाच तर तो होता त्याच बाजूवर परत ठेवायचा. त्याच्या खालच्या अंगाला चिकटलेले स्पंज आणि अंड्यांचे पुंजके उन्हात तासाभरात मरतात.

पुढची चौकट वाळूने भरलेली. काहीच नाही. मुलगा म्हणाला, "पुढे जाऊ या?" नाही, वहीत शून्य लिहायचं, तारीख घालायची, फोटो काढायचा. पुढच्या वर्षी तिथे कालवं आली किंवा शेजारची कालवं वाळूखाली गेली, तर हे शून्यच बोलणार आहे.

आपल्याकडच्या हौशी नोंदींची अडचण इथेच आहे, असं माझं मत आहे. मुंबईत २०१७ साली प्रदीप पाताडे आणि त्यांच्या साथीदारांनी 'मरीन लाइफ ऑफ मुंबई' सुरू केलं. हाजी अली, जुहू, गिरगावच्या किनाऱ्यांवर लोकांना ओहोटीला नेलं, आयनॅचरलिस्ट या जीवनोंदींच्या संकेतस्थळावर फोटोंची रास उभी केली. हे काम मोठंच आहे. कोस्टल रोडसाठी हाजी अली आणि वरळीची प्रवाळं हलवायची वेळ आली, तेव्हा मुंबईच्या खडकावर प्रवाळ असतं हेच अनेकांना पहिल्यांदा कळलं. पण फोटो दिसलेल्याचा निघतो, न दिसलेल्याचा निघत नाही. रंगीत समुद्री गोगलगायीला शंभर कॅमेरे, कालवांच्या काळपट थराला एकही नाही. काय आहे ते फोटोवरून कळेल, किती कमी झालं ते मोजणीवरूनच.

तेलगळतीचंच उदाहरण घ्या. २०१० च्या ७ ऑगस्टला मुंबई बंदराबाहेर 'एमएससी चित्रा' आणि 'खलिजिया' या जहाजांची टक्कर झाली. सांडलेलं तेल रायगडच्या किनाऱ्यालाही लागलं. काळी पडलेली तिवरं डोळ्यांना दिसतात. खडकाच्या फटीत काय मेलं ते सांगायचं तर त्याच खडकाची आधीच्या वर्षांची मोजणी हाताशी लागते. अमेरिकेच्या पश्चिम किनाऱ्यावर २०१३ पासून तारामासे रोगाने पटापट मेले. किती मेले हे सांगता आलं, कारण तिथल्या ठरावीक खडकांवर वर्षानुवर्षं मोजणी चालू होती.

आपल्याकडे जुनी मोजणी अगदीच नाही असंही नाही, ती बायकांच्या डोक्यात आहे. रेवदंड्याच्या खाडीत, राजपुरीकडे तिसऱ्या-खुबे काढणाऱ्या बायका वाळूतली दोन बारीक भोकं बघून खाली काय आहे ते सांगतात. आमच्यातल्या मावशींना मी विचारलं, आता फरक काय वाटतो. त्या म्हणाल्या, "आधी एका दगडाला टोपली भरायची. आता चार दगड फिरते, तरी बारीकच." मुलाने ते जसंच्या तसं वहीत उतरवलं, दगड कुठला तेही विचारून घेतलं. टोपली हे माप ढोबळ असेल, पण दगड तोच, माणूस तोच आणि ऋतू तोच. आमच्या चौकटीचं तत्त्व याहून वेगळं नाही.

वहीत एक मोठं भोक आहे, ते पावसाळ्याचं. जून ते सप्टेंबर खडकावर उभं राहणं धोक्याचं. मासेमारीच्या यांत्रिक बोटींनाही १ जून ते ३१ जुलै बंदीच असते. नेमक्या त्याच महिन्यांत गोडं पाणी येतं, वाळू सरकते, कुठल्या वर्षी डांबराचे गोळे किनाऱ्याला लागतात. त्यामुळे मेअखेरची आणि ऑक्टोबरची मोजणी चुकवायची नाही, एवढंच हातात आहे.

जैवविविधता कायदा २००२ चा. त्याप्रमाणे प्रत्येक ग्रामपंचायतीत जैवविविधता व्यवस्थापन समिती आणि तिची लोक जैवविविधता नोंदवही असायला हवी. २००४ च्या केंद्रीय नियमांनी समितीत किमान एक तृतीयांश स्त्रिया हव्यात असं सांगितलं होतं. तुमचं गाव रायगडच्या किनाऱ्यावर असेल, तर येत्या ग्रामसभेला ती नोंदवही मागा आणि झाडं-पक्ष्यांच्या पानांनंतर कालवं, खुबे, तिसऱ्या यांचं पान आहे का ते बघा. नसेल तर ते लिहायला कालवं काढणाऱ्या बायकांनाच बसवा, आणि दगडांची नावं विचारून घ्या.