नाना शंकरशेट : व्यापाराची पत आणि विधिमंडळातील आसन

विधिमंडळाचा इतिहास शिकविताना अहिल्यानगर (पूर्वीचा अहमदनगर) जिल्ह्यातील प्राध्यापकास जवळचे नाव सुचते ते कुंदनमल फिरोदिया यांचे. १९४६ ते १९५२ या काळात ते मुंबई विधानसभेचे अध्यक्ष होते. या निर्वाचित सभागृहाची पूर्वपीठिका मात्र १८६२ मधील नेमलेल्या सभासदांच्या लहानशा कौन्सिलात आहे. त्यातील पहिल्या हिंदी सभासदांपैकी एक म्हणजे जगन्नाथ ऊर्फ नाना शंकरशेट (१८०३-१८६५). एका व्यापाऱ्यास हे आसन कशाच्या बळावर मिळाले व त्या आसनाला अधिकार किती होता, याचा विचार प्रस्तुत लेखात केला आहे.

नानांची खरी मिळकत म्हणजे त्यांची पत होय. अरब, अफगाण आदी परदेशी व्यापारी आपली रोकड बँकेपेक्षा नानांकडे ठेवणे अधिक सुरक्षित मानीत. हीच पत त्यांनी सार्वजनिक कार्यात गुंतविली. १८४५ मध्ये जमशेटजी जिजीभाई यांच्यासमवेत त्यांनी रेल्वेसाठी खटपट सुरू केली. पुढे ते ग्रेट इंडियन पेनिन्सुला कंपनीचे एक संचालक झाले आणि १६ एप्रिल १८५३ रोजी बोरीबंदर ते ठाणे ही ३४ किलोमीटरची पहिली गाडी धावली.

शिक्षणक्षेत्रातील त्यांची भूमिका आपल्या व्यवसायाच्या दृष्टीने अधिक विचारणीय आहे. बोर्ड ऑफ एज्युकेशनचे अध्यक्ष सर अर्स्किन पेरी यांचा कल इंग्रजी माध्यमाकडे होता. १८४७ च्या सुमारास या प्रश्नावर मंडळात वाद झाला, तेव्हा नानांनी देशी भाषांची बाजू घेतली. इंग्रजीला त्यांचा विरोध नव्हता. सामान्य जनतेपर्यंत ज्ञान पोहोचावयाचे तर ते तिच्याच भाषेतून, एवढेच त्यांचे म्हणणे होते. मंडळाच्या अध्यक्षाशी मतभेद नोंदविणे त्या काळी सोपे नव्हते, हे ध्यानी घ्यावयास हवे.

२६ ऑगस्ट १८५२ रोजी बॉम्बे असोसिएशन स्थापन झाली व नाना तिचे अध्यक्ष झाले. कंपनीच्या सनदेच्या नूतनीकरणाची वेळ जवळ आली होती. संस्थेने पार्लमेंटकडे पाठविलेल्या अर्जात, कायदे करण्याच्या कामी एतद्देशीयांना स्थान असावे, अशी मागणी केली. १८५३ च्या सनदी कायद्याने कलकत्त्यास कायदेमंडळ दिले, पण त्यात एकही हिंदी सभासद नव्हता. १८५७ मध्ये तर खुद्द नानांवरच सरकारचा संशय गेला. पुरावा न मिळाल्याने तो टळला. अवघ्या पाच वर्षांनी त्याच राजवटीने त्यांना कौन्सिलात नेमले. उठावानंतर हिंदी लोकमताचा कानोसा घेण्याची गरज सरकारला भासू लागली होती, हे या बदलाचे एक कारण होय.

परंतु आसन मिळाले म्हणजे सत्ता मिळाली असे नव्हे. १८६१ च्या कायद्यानुसार मुंबईच्या गव्हर्नरास कौन्सिलात चार ते आठ अतिरिक्त सभासद नेमता येत. त्यांतील निम्मे तरी बिनसरकारी असावेत, अशी अट होती. मुदत दोन वर्षांची. पुढे आलेल्या विधेयकावर बोलावे, एवढेच त्यांचे काम. कारभाराविषयी प्रश्न विचारण्याची वा अंदाजपत्रकावर चर्चा करण्याची मुभा त्यांना नव्हती. संमत झालेल्या विधेयकासही गव्हर्नर व गव्हर्नर-जनरल या दोघांची मान्यता लागे. मागितले होते त्याच्या मानाने हे फारच थोडे होते. तरीही वयाच्या साठीजवळ आलेल्या नानांनी ते आसन स्वीकारले.

प्रश्न विचारण्याचा अधिकार १८९२ च्या कायद्याने, तोही मर्यादित स्वरूपात, मिळाला. नाना ३१ जुलै १८६५ रोजीच निवर्तले होते. २२ जानेवारी १८६२ रोजी कौन्सिलाची पहिली बैठक मुंबईच्या ज्या टाऊन हॉलमध्ये भरली, तेथेच आज त्यांचा संगमरवरी पुतळा आहे.