‘मुंज्या’ आणि संकासुर : भयाला हसण्याची कोकणी रीत

मोठा तारा नसलेला, तुलनेने कमी खर्चातला ‘मुंज्या’ हा हिंदी भय-विनोदपट ७ जून २०२४ रोजी प्रदर्शित झाला आणि त्याने शंभर कोटींहून अधिक गल्ला जमवला. आदित्य सरपोतदार दिग्दर्शित या कोकणी भुताच्या कथेचे यश अनेकांना अनपेक्षित वाटले. शिमग्यात संगमेश्वर तालुक्यातल्या एखाद्या वाडीत रात्र जागवून नमन पाहिलेल्या माणसाला मात्र त्याचे फारसे नवल वाटू नये.

नमन-खेळे ही रत्नागिरी जिल्ह्याची लोककला. मृदंगाच्या तालावर त्यात संकासुर अवतरतो. अंगभर काळा वेश, तोंडावर मुखवटा, लांब दाढी, कमरेला घुंगरू. मूळचा हा वेद चोरणारा, मत्स्यावतारी विष्णूने वधलेला शंखासुर. त्याला पाहून लहान मुले आईच्या पदराआड दडतात आणि मोठी माणसे पोट धरून हसतात. सिंधुदुर्गातल्या दशावतारात तर तो मालवणीत गमती करतो. देवाचा शत्रू असूनही त्याला अंगणात मान आहे. काही गावांत लोक त्याला नवस बोलतात.

मुंज्याचे तसे नाही. मुंज झालेला मुलगा सोडमुंजीपूर्वी मरण पावला तर तो पिंपळावर वास करतो, असा लोकसमज आहे. चित्रपटातला गोट्या १९५२ सालचा. वयाने मोठ्या मुन्नीवर त्याचा जीव जडतो, घरचे त्याची मुंज उरकतात आणि तिला मिळवण्यासाठी बहिणीचा बळी देण्याच्या अघोरी खटपटीत तो स्वतःच मरतो. पुढे त्याचा एकच हट्ट उरतो, लग्नाचा. संगणकावर घडवलेले त्याचे रूप भिववते. पण त्याचा हट्ट पोराचा असल्यामुळे हसूही आवरत नाही.

हसल्याने भीतीचा जोर ओसरतो, हे दोन्हीकडे सारखेच. फरक हसण्यानंतर सुरू होतो. संकासुराला हसणारे गाव पुढच्या शिमग्यात त्याला पुन्हा बोलावते. मुंज्याला कोणी बोलावत नाही. गोट्या निर्दोष नव्हे. तरीही त्याच्या मनात काय चालले आहे, हे जिवंतपणी कोणी विचारले नाही, हेही खरे. भुताला पिंपळावर ठेवून माणसे मोकळी होतात. संकासुराला मात्र त्यांनी अंगणात जागा दिली, म्हणून तो कोणाच्या मानगुटीवर बसत नाही.