चौकटीतला पुरुषदेह

परभणी जिल्ह्यातील चारठाण्याची प्राचीन मंदिरे पाहताना देह जाणणारा कारागीर पदोपदी जाणवतो; तो स्वतः कसा दिसत होता, हे मात्र कळत नाही. कलावंताने स्वतःच्याच देहाला विषय करणे ही आपल्याकडे तशी अलीकडची गोष्ट आणि ती सुखासुखी घडलेली नाही. मूळचे गोव्यातील साळगावचे चित्रकार फ्रान्सिस न्यूटन सूझा यांचे नग्न आत्मचित्र १९४९ मध्ये मुंबईत अश्लील ठरवून प्रदर्शनातून काढले गेले. वास्तविक मुंबईच्या कलाशाळेत नग्न मॉडेलवरून अभ्यास १९२०च्या सुमारासच सुरू झाला होता. अभ्यासातला देह चालत होता. चित्रकाराने स्वतःचा, तोही पुरुषाचा, उघड मांडलेला चालला नाही.

लघुपटाने हा प्रश्न निराळ्या वाटेने हाताळला, तोही सरकारी संस्थेत! फिल्म्स डिव्हिजनचे प्रमोद पती यांनी १९७२ मध्ये चित्रकार व व्यंगचित्रकार आबिद सुरती यांच्यावर ‘आबिद’ हा जेमतेम पाच मिनिटांचा लघुपट केला. त्याचे तंत्र ‘पिक्सिलेशन’चे. माणसाने एका स्थितीत थांबायचे, एक चौकट टिपायची, किंचित सरकायचे, पुन्हा थांबायचे. सेकंदाला २४ चौकटी धरल्या, तर पाच मिनिटांना ७,२०० होतात. उडी मारलेल्या क्षणीच दरवेळी छायाचित्र घेतले, तर पडद्यावर माणूस जमिनीला न टेकता तरंगतो. पती चेकोस्लोव्हाकियात यिर्झी त्रन्का यांच्याकडे बाहुलीपट शिकलेले. येथे त्यांनी हाडामांसाच्या माणसाचीच बाहुली केली.

नग्नता येथे नाही. पण पुरुषाचा रुबाब पार उतरलेला आहे. चित्रकार म्हणजे चित्रासमोर ठाम उभा असलेला कर्ता, ही आपली कल्पना. ‘आबिद’मध्ये तो झटके खात सरकतो आणि रंगांनी भरलेल्या खोलीत त्याच रंगांचा एक भाग होऊन जातो. याच सुरतींनी १९७६ मध्ये चित्रकथांतील ‘बहादूर’ हा धाडसी नायक घडवला, हे ध्यानात घेतले म्हणजे गंमत वाटते.

काटेकोर अर्थाने हे आत्मचित्र नव्हे, कारण कॅमेरा दुसऱ्याच्या हाती आहे. तरीही पडद्यावरचे रंग आणि देह सुरतींचेच. चौकट कोठे तोडायची, एवढे पतींनी ठरवले. आपल्या देहावरचा ताबा असा दुसऱ्याकडे सोपवणे मला सूझांच्या नग्नतेपेक्षाही अवघड वाटते.