सरकारी कामाचे बिल थकले तर

सावंगी (मेघे)तल्या कंत्राटदाराने सार्वजनिक बांधकाम विभागाचे काम पुरे केले, पण बिल अडकले. अशा वेळी आधी करारातले तंटा निवारणाचे कलम वाचावे. लवादाची तरतूद नसेल तर दिवाणी दावा करता येतो. त्यापूर्वी शासनाला दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८० खाली दोन महिन्यांची नोटीस द्यावी लागते. कामाच्या पैशांसाठी दाव्याची मुदत साधारणपणे ३ वर्षे असते, म्हणून नुसत्या आश्वासनांवर थांबू नये. करार सदोष असला तरी शासनाने कामाचा लाभ घेतला असेल, तर करार कायद्याच्या कलम ७० खाली भरपाई मागता येते. सर्वोच्च न्यायालयाने १९६१ मध्ये बी. के. मंडल खटल्यात हे मान्य केले. कार्यारंभ आदेश आणि मोजमाप पुस्तिकेच्या प्रती जपा. दावा कागदांवरच उभा राहतो.