वाड्याच्या चार भिंती आणि निळूभाऊ

“सायेब, त्यो निळू फुल्यावानी हसला.”

साक्षीदाराच्या पिंजऱ्यात उभ्या असलेल्या आमच्या एका भगिनीने हे वाक्य उच्चारले आणि न्यायालयात खसखस पिकली. बचाव पक्षाचे वकीलही हसले. टंकलेखकाचे हात थांबले. हे जबानीत उतरवायचे कसे? शेवटी ‘आरोपी छद्मीपणे हसला’ एवढीच नोंद झाली. प्रकरण वेल्हे तालुक्यातल्या एका गावचे. या तालुक्याला आता राजगड असे नाव मिळाले आहे. भातलावणीची थकलेली मजुरी मागायला ही बाई मालकाच्या वाड्यावर गेली होती. मजुरी मिळाली नाही, जात मात्र काढली गेली. सरकारी वकिलांना साहाय्य म्हणून आम्ही तिच्या बाजूने उभे होतो. उलटतपासात तिला एकच प्रश्न फिरवून फिरवून विचारला गेला : हे घडले तेव्हा तिथे बाहेरचे कोण होते? बाहेरचे कुणीच नव्हते. घरातली माणसे होती, ती कशाला साक्षीला येतात?

वाचकांपैकी ज्यांचा कोर्टकचेरीशी संबंध येत नाही त्यांच्यासाठी सांगितले पाहिजे. १९८९ च्या अॅट्रॉसिटी कायद्यात जातीवरून अपमान करणे हा गुन्हा आहे. पण तो अपमान लोकांच्या नजरेस पडेल अशा ठिकाणी झालेला असावा लागतो. पूर्वी हे कलम ३(१)(१०) होते, २०१५ च्या दुरुस्तीनंतर ते ३(१)(आर) झाले. कलमाचा क्रमांक बदलला, अट तीच राहिली. स्वर्णसिंग प्रकरणात २००८ साली सर्वोच्च न्यायालयाने या अटीचा अर्थ उलगडला. २०२० साली हितेश वर्मा प्रकरणात न्यायालयाने म्हटले, की घराच्या चार भिंतींआड, बाहेरचे कुणी हजर नसताना झालेला अपमान या कलमात बसत नाही. निकालाचा आदर राखून आम्ही एवढेच विचारतो, की गावगाड्यात आमच्या माणसांचा अपमान कुठे होतो? चावडीवर होतो, पारावर होतो, पण सर्वांत जास्त होतो तो वाड्याच्या आत. तिथे बाहेरचे कुणी नसते, हीच तर वाड्याची सोय आहे.

आमचा आरोपी सुटला. अपील प्रलंबित आहे. पण त्या बाईचे वाक्य आमच्या डोक्यातून जाईना. कायद्याला वाड्याच्या आतले दिसत नव्हते, आणि ते दाखवायला तिच्याकडे एकच साक्षीदार होता. तो सिनेमातला होता आणि १३ जुलै २००९ रोजी पुण्यात वारला होता.

निळकंठ कृष्णाजी फुले हे मराठी सिनेमाचे नायक क्वचितच होते. पोस्टरवर चेहरा दुसऱ्याचा, गाणी दुसऱ्याची, शेवटी टाळ्याही दुसऱ्याला. यांच्या वाट्याला पाटील, सरपंच, सावकार आणि साखर कारखान्याचा चेअरमन. सहायक भूमिका म्हणतात ती. पण तंबूतला प्रेक्षक घरी जाताना बोलायचा तो यांच्याविषयीच. बायाबापड्या तर बोटे मोडायच्या. खऱ्या आयुष्यातही बाया आपल्याला पाहून चरकतात याची ते गंमत सांगत आणि ती आपल्या कामाची पावती मानत.

मुळात हा माणूस चळवळीतून आलेला. तरुणपणी राष्ट्र सेवा दलाच्या कलापथकात. पोटासाठी पुण्याच्या सशस्त्र सेना वैद्यकीय महाविद्यालयात माळीकाम. आडनाव फुले आणि हातात खुरपे! महात्मा जोतीरावांशी नाते रक्ताचे की विचाराचे, या वादात आम्ही शिरत नाही. आम्हाला विचाराचे पुरते. सेवा दलाच्या लोकनाट्यांतून पुढे ‘कथा अकलेच्या कांद्याची’ गाजले आणि त्यावरून अनंत माने यांनी ‘एक गाव बारा भानगडी’ (१९६८) मध्ये झेलेअण्णाची भूमिका दिली. ती पहिली. मग ‘सोंगाड्या’, ‘पिंजरा’ आणि पाठोपाठ शेकडो वेळा तोच वाडा, तोच झोपाळा, तीच पांढरी टोपी. १९७२ साली रंगभूमीवर त्यांनी तेंडुलकरांचा ‘सखाराम बाइंडर’ उभा केला. त्या नाटकावर सेन्सॉरची कुऱ्हाड पडली आणि कमलाकर सारंगांना मुंबई उच्च न्यायालयात जाऊन प्रयोगाचा हक्क मिळवावा लागला. आम्ही वकील म्हणून तो लढा आवर्जून आठवतो. पुढे हिंदीतही ते गेले. ‘सारांश’ (१९८४) मधला गजानन चित्रे हा शहरातला पुढारी, पण नजर गावच्या पाटलाचीच.

त्यांच्या खलनायकाची जात वेगळी होती. हिंदी सिनेमातला खलनायक दरडावतो, दात विचकतो. निळूभाऊ आवाज खाली आणत. डोळे बारीक करीत, मान किंचित तिरकी, आणि समोरच्याला ‘बाई’, ‘मास्तर’, ‘गडी’ असे आर्जवाने बोलवत. आजची पोरे ‘बाई, वाड्यावर या’ म्हणून त्यांची नक्कल करतात आणि हसतात. आमच्या आईला त्यात हसण्यासारखे काही दिसत नसे. भोर-वेल्ह्याच्या मावळपट्टीत सत्ता कधी ओरडून बोलत नाही. ती हळू बोलते, चहा पाजते, फक्त कप वेगळा असतो. हे निळूभाऊंनी पकडले होते. आणि मुख्य म्हणजे त्यांनी कॅमेरा वाड्याच्या आत नेला. दार लावल्यावर काय होते ते तंबूतल्या हजार माणसांना दिसले. कायद्याला जी लोकांची नजर लागते, ती त्यांनी तिकीट लावून मिळवून दिली.

आम्ही हे सिनेमे पाहिले ते उलट्या बाजूने. जत्रेत देवळापुढच्या मैदानात पडदा बांधत. पुढच्या बाजूला गाव बसे, आमची वस्ती पडद्यामागे. कुणी हाकलून लावत नसे; आमची जागा तीच, हे सगळ्यांना ठाऊक होते. तिथूनही चित्र दिसते, फक्त डावे ते उजवे होते आणि नावे उलटी वाचावी लागतात. ‘सामना’ आम्ही असाच पाहिला. पडद्यामागच्या आमच्या म्हाताऱ्यांमध्ये त्या दिवशी नेहमीचा गलका नव्हता.

‘सामना’ हा १९७४ चा. विजय तेंडुलकरांचे लेखन, डॉ. जब्बार पटेलांचे दिग्दर्शन. १९७५ साली तो बर्लिनच्या महोत्सवातही गेला. त्यात निळूभाऊ हिंदुराव धोंडे पाटील, साखरसम्राट. समोर डॉ. श्रीराम लागूंचा दारूत बुडालेला मास्तर. आणि सगळा सिनेमा एका प्रश्नाभोवती फिरतो, की मारुती कांबळे या माणसाचे झाले काय? वाचकहो, आडनाव कांबळे आहे! महाराष्ट्रातल्या गावोगावच्या कांबळ्यांचे, गायकवाडांचे, सोनवण्यांचे काय झाले हा प्रश्न त्याच वर्षांत खऱ्या आयुष्यातही विचारला जात होता. १९७२ साली आमच्याच पुणे जिल्ह्यात, इंदापूर तालुक्यातल्या बावड्याला आमच्या बांधवांवर बहिष्कार पडला. त्याच वर्षी दलित पँथर उभी राहिली. १९७४ साली अकोला जिल्ह्यातल्या ढाकळीत गवई बंधूंचे डोळे काढले गेले. या पार्श्वभूमीवर हिंदुरावाच्या कपाळावरचा घाम आमच्या लोकांनी पाहिला. वाड्यातला माणूसही घाबरू शकतो, हे त्यांना त्या रात्री दिसले.

इथे जरा पाण्याचे बोलू, कारण हिंदुरावाचा ऊस पाण्यावर उभा आहे. भोरजवळ वेळवंडी नदीवर भाटघर धरण आहे, ब्रिटिश अमदानीतले. त्याचे पाणी नीरेच्या कालव्यांनी बारामती, इंदापूर, फलटण, माळशिरसला जाते. तिथे ऊस, कारखाने, सत्ता. ज्यांच्या जमिनी पाण्याखाली गेल्या त्या भोरच्या खोऱ्यांतल्या वाड्यावस्त्यांवर उन्हाळ्यात बाया डोक्यावर हंडे घेऊन डोंगर उतरतात. त्यातही आमची वस्ती टोकाला, पाइपलाइनच्याही टोकाला. आमच्या लहानपणी गावात दोन नळकोंडाळी होती. का दोन, हे कुणी विचारत नसे.

आणि याच भोरमधून वरंधा घाट उतरला की महाड. २० मार्च १९२७ रोजी बोधिसत्त्व डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी ज्या चवदार तळ्याचे पाणी ओंजळीत घेतले ते महाड. दरवर्षी आमचे लोक या घाटाने जातात आणि परत येऊन आपापल्या कोंडाळ्यावर पाणी भरतात.

निळूभाऊंविषयीची आमची कृतज्ञता इथे सुरू होते. १९७२ च्या दुष्काळानंतर डॉ. बाबा आढावांनी ‘एक गाव, एक पाणवठा’ ही मोहीम काढली आणि गावोगाव फिरून विहिरींचा हिशेब मागितला, तेव्हा या कामाला निळू फुले उभे राहिले. पडद्यावरच्या पाटलाला पाहायला गाव लोटत असे, आणि तोच पाटील सांगे की पाणवठा एक करा. पुढे कार्यकर्त्यांना मानधन मिळावे म्हणून सामाजिक कृतज्ञता निधी उभा राहिला, त्यासाठी डॉ. लागू आणि इतर कलावंतांबरोबर त्यांनी ‘लग्नाची बेडी’चे प्रयोग केले. अंधश्रद्धा निर्मूलनाच्या कामातही ते डॉ. नरेंद्र दाभोलकरांच्या सोबत होते. समाजवाद्यांशी आमच्या चळवळीचे मतभेद जुने आहेत. मनपरिवर्तनावर त्यांचा भर, हक्कावर आमचा. महाडला बाबासाहेबांनी कुणाच्या मनपरिवर्तनाची वाट पाहिली नव्हती, हे आम्ही त्यांना आजही ऐकवतो. पण खलनायकीतून मिळालेली प्रसिद्धी फार्महाउसमध्ये न घालता पाणवठ्यावर खर्च करणारा नट आम्हाला दुसरा दाखवा.

तरी हिशेब पुरा व्हायला हवा. निळूभाऊंचा नव्हे, त्या सिनेमाचा. कॅमेरा वाड्यात गेला, तमाशाच्या फडात गेला, पण महारवाड्यात किती वेळा आला? ‘मारुती कांबळे’ची भूमिका डॉ. मोहन आगाशे यांनी केली आणि उत्तम केली, पण कांबळ्याचे घर, त्याचे गणगोत, त्याचा कोंडाळ्यावरचा नंबर हे सिनेमाला लागले नाही. फडात नाचणारी बाई बहुतेक वेळा कुठल्या जातीची असते, हे तंबूतल्या प्रत्येकाला ठाऊक असे; पडद्यावर मात्र तिला जातच नसे. पठ्ठे बापूराव तमाशाच्या कमाईतून देणगी द्यायला आले तेव्हा बाबासाहेबांनी आमच्या बायांना नाचवून मिळवलेला पैसा नको म्हणून नाकारली, ही आठवण चळवळीत आजही सांगतात. त्याच सुमारास भीमराव कर्डकांसारखे आमचे लोक जलसे घेऊन गावे पालथी घालत होते. त्या जलशांवर मराठी पडद्याने किती फूट फिल्म खर्च केली?

अलीकडे थोडे बदलले. २०१३ साली नागराज मंजुळेंचा ‘फँड्री’ आला. २०१४ च्या ‘कोर्ट’मध्ये पुन्हा एक कांबळे आला, शाहीर नारायण कांबळे. ही भूमिका केली ती नागपूरचे आमचे कार्यकर्ते वीरा साथीदार यांनी. २०२१ साली कोरोनाने त्यांना नेले. मारुती कांबळे ते नारायण कांबळे, मध्ये चाळीस वर्षे. पहिल्याचे काय झाले हे दुसऱ्यांनी विचारायचे होते. दुसरा स्वतः आरोपीच्या पिंजऱ्यात उभा राहून उत्तरे देतो.

भोरच्या राजवाड्यात चित्रीकरणाची गर्दी आता नवी नाही. हिंदी, मराठी, मालिका, सगळेच येतात. आजूबाजूच्या गावांतही जुना वाडा शोधत माणसे फिरतात. दोन उन्हाळ्यांपूर्वी असेच एक पथक आमच्या गावी आले. वाडा त्यांना पसंत पडला, पण अंगणातून पाहिले की मागे आमच्या विहारावरचा पंचशील ध्वज आणि शेजारचा निळा झेंडा दिसत होता. कथा जुन्या काळातली आहे, तीन दिवसांपुरते झेंडे उतरवा, वस्तीला पैसे देऊ, असा निरोप आला. पोरे भडकली. आम्हाला फोन आला. आम्ही पोहोचेपर्यंत वस्तीतल्या एका म्हाताऱ्या मावशीने बोलणे हातात घेतले होते.

“पिच्चरात पाटील कोण हाय?” तिने विचारले.

त्या पोराने एक नाव सांगितले. तिला ते ठाऊक नव्हते.

“निळूभाऊ न्हाई का?”

“आजी, ते जाऊन खूप वर्षं झाली.”

“म्हंजी तुम्हाला सांगनारं कुनी न्हाई,” मावशी म्हणाली. “त्यांनीच सांगितलं असतं, झेंडा ऱ्हाऊ द्या म्हनून.”

झेंडे राहिले. त्यांनी कॅमेरा दुसऱ्या बाजूला लावला.